उपकार आणि जाच

डॉक्टर आनंदीबाई जोशी हे नाव आपल्याकडे शाळकरी मुलांनाही ठाऊक असते. अमेरिकेस जाऊन 1886 साली त्या डॉक्टर झाल्या, एवढा धडा आपण वर्गात शिकवतो. पण त्या धड्याच्या मागचे एक पान आपण सहसा उलटत नाही. आज तेच उलटून पाहू.

आनंदीबाईंचा जन्म 31 मार्च 1865 चा. माहेरचे नाव यमुना. नवव्या वर्षी त्यांचे लग्न झाले. पती गोपाळराव जोशी हे टपाल खात्यात कारकून, वयाने सुमारे वीस वर्षांनी मोठे. बायकोला शिकवायचे, हा त्यांचा ध्यास होता. ज्या काळी बाईच्या हाती पाटी दिसली तर आळीभर चर्चा होई, त्या काळी या गृहस्थांनी लोकांची टवाळी सोसून बायकोला शिकवले, तिच्यासाठी परदेशी पत्रे धाडली. हे ऋण खरे आहे. ते नाकारण्याचे कारण नाही.

पण याच घरात दुसरीही गोष्ट घडत होती. अभ्यासात हयगय दिसली की मार बसे. मारापेक्षाही मोठी होती ती सोडून जाण्याची धमकी. दहाबारा वर्षांच्या पोरीला माहेर दूर झालेले, आधार एकच, आणि तोच आधार म्हणतो, ‘मी तुला टाकून जाईन’! त्या पोरीने काय करावे? चौदाव्या वर्षी मूल झाले, ते दहा दिवसांत गेले. ते दुःख उराशी धरून ती पुन्हा पुस्तकाकडे वळली.

आता मौज बघा. हे सगळे आपल्याला बाहेरच्या कुणी सांगितलेले नाही. आनंदीबाईंनीच अमेरिकेतून पतीला लिहिलेल्या पत्रात ते नोंदवले आहे. दहाव्या वर्षी लाकडाने बसलेला मार, बाराव्या वर्षी अंगावर फेकलेल्या खुर्च्या आणि पुस्तके, सोडून जाण्याच्या धमक्या, सगळे वयाच्या हिशेबाने मांडले आहे. आणि निवाडा? हेतू पाहिला तर तुमचे वागणे योग्य, पण कोवळ्या मनावर झालेला परिणाम पाहिला तर अयोग्य, असा त्यांचा आशय आहे. हिंदू बायकोला नवऱ्यापुढे बोलण्याचा हक्क नसतो, हेही त्या तिथेच सुनावतात.

मला हे पत्र त्यांच्या पदवीइतकेच मोलाचे वाटते. कारण मनाच्या जाचात माणूस अडकतो तो नेमका इथे. ज्या हाताने घास भरवला, त्याच हाताने चापट मारली, मग तक्रार करावी तरी कशी? उपकाराची आठवण तोंड बंद करते. एक दिवस कौतुक, दुसऱ्या दिवशी अपमान. चूक कुणाचीही असो, माफी आपणच मागायची. हळूहळू माणसाचा स्वतःच्या आठवणीवरचाही विश्वास उडतो. पाण्यातल्या स्वतःच्याच प्रतिबिंबावर भाळलेल्या नार्सिससची एक ग्रीक कथा आहे. त्याच्या नावावरून आजचे मानसशास्त्र आत्मप्रीतीच्या विकाराला नाव देते. गोपाळरावांवर तो शिक्का मारणे आपले काम नव्हे. रोग ठरवणे डॉक्टरांकडे. वागणूक ओळखणे मात्र आपल्या हाती आहे.

आनंदीबाईंना ती ओळखता आली, ती कशाच्या बळावर? एक तर अंतर. 7 एप्रिल 1883 रोजी त्या कलकत्त्याहून पतीशिवाय निघाल्या. पुढे पतीची टोचून बोलणारी पत्रे येत, पण पत्राला उत्तर देण्यापूर्वी विचार करायला सवड मिळे. दुसरे, विश्वासाचे माणूस. न्यू जर्सीतील रोझेल गावच्या थिओडिशिया कार्पेंटरबाईंना त्या मावशी मानत. तिसरे, लेखणी. उपकार एका बाजूला, जाच दुसऱ्या बाजूला. एकाने दुसरा पुसला जात नाही, हे कागदावर उतरल्यावर स्पष्ट होते.

त्यांनी संसार मोडला नाही. पदवी घेऊन परतल्या, पण क्षयाने 26 फेब्रुवारी 1887 रोजी पुण्यात त्यांचे निधन झाले. वय बावीसही पुरे नव्हते. त्यांची रक्षा कार्पेंटर मावशींकडे गेली आणि न्यूयॉर्क राज्यातील पोकिप्सी येथे त्या कुटुंबाच्या दफनभूमीत ठेवली गेली.

नाकाडोंगरीच्या ओसरीवर बसलेले कुणी म्हणेल, हे पुण्यामुंबईकडचे जुने प्रकरण, आमचे काय? अहो, जाच करणारा नवराच असतो असे थोडेच आहे! कधी सासू, कधी भाऊ, कधी मुलगाही असतो. आनंदीबाईंना कायद्याचा आधार नव्हता, आज तो आहे. कौटुंबिक हिंसाचारापासून महिलांचे संरक्षण करणाऱ्या 2005 च्या कायद्यात शाब्दिक आणि भावनिक छळही हिंसाच मानला आहे. संरक्षण अधिकाऱ्यांकडे अर्ज करता येतो, 181 या क्रमांकावर फोन करता येतो.

आणि गुरुजी, बाई, तुम्हांला एक विनंती. वर्गातली एखादी हुशार मुलगी एकाएकी गप्प झाली, प्रत्येक गोष्टीला ‘माझंच चुकलं’ म्हणू लागली, तर तिला जवळ बसवून विचारा. उपदेश नको, नुसते ऐका. कार्पेंटर मावशींनी तरी दुसरे काय केले होते?