मोटारीच्या हमीपत्राचा इतिहास



कामगार चळवळीतला माणूस मोटारीच्या हमीपत्रावर बोलायला उभा राहिला, याचे आपल्यापैकी काहींना नवल वाटेल. आमचे शाळेतले शिक्षण फारसे झाले नाही. जे काही वाचायला शिकलो, ते पगाराचे आणि बोनसचे करारनामे वाचता वाचता शिकलो. पुढच्या पानावर मोठ्या अक्षरांत जे दिलेले असते, ते पुष्कळदा मागच्या पानावर बारीक अक्षरांत काढून घेतलेले असते, हा धडा आम्हाला त्या कागदांनी दिला. आणि तरीही एकदा आम्ही फसलो. आजच्या व्याख्यानाचे मूळ त्या फसगतीत आहे, म्हणून प्रथम ती सांगतो.

आमच्या संघटनेतील एका चालकाने कर्ज काढून नवा पिकअप घेतला. कांदा भरून तो नवापूरच्या रस्त्याने सुरतेकडे निघाला असता चरणमाळ घाटात गाडी गिअर घेईनाशी झाली. ओढून कारखान्यात नेली, तेव्हा क्लच प्लेट जळालेली आणि गिअरबॉक्समधले एक बेअरिंग तुटलेले निघाले. गाडीला तीन वर्षे किंवा एक लाख किलोमीटर अशी 'पॉवरट्रेन वॉरंटी' होती आणि मीटरवर ब्याण्णव हजार झाले होते. आम्ही मोठ्या आत्मविश्वासाने त्याच्याबरोबर गेलो. तेथल्या व्यवस्थापकाने शांतपणे सांगितले की क्लच हमीत येत नाही. आणि मधली एक सर्व्हिसिंग गावातल्या फिटरकडे केली, तिची पावती नाही, म्हणून गिअरबॉक्सही येत नाही. आम्ही आवाज चढवला आणि हात हलवीत परत आलो. गाडी तीन महिने उभी राहिली. बँकेचा हप्ता मात्र उभा राहिला नाही. त्यासाठी त्याच्या घरातली पोत सोनाराकडे गेली. त्या रात्री ते हमीचे पुस्तक आम्ही पहिल्यांदा अथपासून इतिपर्यंत वाचले. जो करार आपण वाचला नाही, त्यावर भांडायला गेलो होतो, याची आम्हाला लाज वाटली. मग हा कागद आला कोठून, त्यातल्या अटी कोणी घातल्या, याचा शोध घेऊ लागलो.

आता हे पॉवरट्रेन म्हणजे काय? इंधन जळून जी शक्ती निर्माण होते, ती चाकापर्यंत पोचवणारी सगळी साखळी. इंजिनात पिस्टन खालीवर होतो, क्रँकशाफ्ट त्या हालचालीचे फिरणे करतो, क्लच ते फिरणे जोडतो किंवा तोडतो, गिअरबॉक्स वेग आणि जोर यांचा हिशेब करतो, लांब शाफ्ट ते मागे नेतो आणि डिफरन्शियल ते दोन्ही चाकांत वाटून देतो. घाट चढताना सगळा भार या साखळीवर येतो. दिवे, वायरिंग, ब्रेक, स्टिअरिंग, स्प्रिंगा, टायर या गोष्टी साखळीबाहेरच्या. त्यांना वेगळी आणि बहुधा लहान मुदतीची हमी असते. साखळीतलेही जे भाग झिजण्यासाठीच असतात, ते वगळलेले असतात. क्लच प्लेट ही त्यांत पहिली.

जुना व्यापारी न्याय असा होता की घेणाऱ्याने डोळे उघडे ठेवून घ्यावे. बैल घेताना दात पाहावेत, चालवून पाहावा. नंतर तक्रार नाही. बैलाच्या बाजारात हे चालते, कारण शेतकऱ्याला बैल कळतो. मोटारीचे काळीज लोखंडी पेटीत बंद असते. तिचे दात कोण पाहणार? आपल्याकडे माल विक्रीचा कायदा १९३० साली झाला. त्याने 'अट' आणि 'हमी' यांत भेद केला. अट मोडली तर माल नाकारता येतो. हमी मोडली तर फक्त नुकसानभरपाई मागता येते. माल कामास योग्य असावा, अशी एक न लिहिलेली अटही त्याने मानली. परंतु एखादी वस्तू तिच्या व्यापारी नावाने मागून घेतली, तर विशिष्ट कामास ती योग्य असल्याची अट गृहीत धरली जाणार नाही, असेही त्यात म्हटले. शिवाय न लिहिलेल्या अटी लेखी करार करून बाजूला सारता येतील, अशी मुभा ठेवली. मोटार तर कोणीही नावानेच मागतो, आणि करार कंपनी छापते.

याच सुमारास मोटारी मुंबईत जोडल्या जाऊ लागल्या होत्या. जनरल मोटर्सने १९२८ साली मुंबईत सुटे भाग जोडण्याचा कारखाना काढला. पुढे सोलापूरच्या वालचंद हिराचंदांनी १९४४ साली प्रीमियर ऑटोमोबाइल्स ही कंपनी स्थापन केली आणि १९४७ पासून कुर्ल्याच्या कारखान्यातून अमेरिकेच्या क्रायस्लर कंपनीच्या गाड्या बाहेर पडू लागल्या. डॉज, डिसोटो, प्लिमथ ही नावे जुन्या चालकांच्या तोंडी होती. यांतल्या प्लिमथ या नावाशी आपल्या विषयाची मोठी गाठ पडते, म्हणून थोडा वेळ अमेरिकेत जाऊ.

१९५५ च्या मे महिन्यात न्यूजर्सी राज्यात हेनिंग्सन नावाच्या गृहस्थांनी पत्नीला भेट म्हणून नवी प्लिमथ घेतली. दहा-बारा दिवसांत, गाडी ४६८ मैल चालली असताना, बाई चालवीत होत्या तेव्हा स्टिअरिंग हातातून फिरले आणि गाडी भिंतीवर आदळली. खरेदीच्या कागदामागे बारीक अक्षरांत हमी होती: ९० दिवस किंवा ४,००० मैल, सदोष भाग कारखान्याकडे पाठवल्यास तो बदलून मिळेल, आणि या हमीखेरीज दुसरी कोणतीही हमी, लिहिलेली वा न लिहिलेली, कंपनीवर बंधनकारक नाही. हे शेवटचे वाक्य पुन्हा वाचावे. हमीपत्र देण्याचा हेतू या एका वाक्यात आहे. एक सुटा भाग द्यायचा आणि त्याच्या बदल्यात कायद्याने मिळणारे बाकीचे सर्व हक्क काढून घ्यायचे. अमेरिकेतल्या मोटार कारखानदारांच्या संघाने हा मसुदा एकमताने ठरवलेला होता. गिऱ्हाईक एका दुकानातून उठून दुसऱ्या दुकानात गेले, तरी तोच कागद पुढे येई. कामगाराने गिरणी बदलली तरी पगार तोच, अशी ही अवस्था होती.

९ मे १९६० रोजी त्या राज्याच्या सर्वोच्च न्यायालयाने निकाल दिला. ज्या कागदात एका पक्षाला वाटाघाटीची संधीच नाही, त्यातले असे कलम लोकहिताविरुद्ध आहे, ते चालणार नाही. आणि ज्याने गाडी विकली त्याच्याबरोबर ज्याने बनवली तोही जबाबदार आहे, असे न्यायालयाने ठरवले. बनवणाऱ्याला विक्रेत्याच्या आड लपता येणार नाही, हे तत्त्व न्यूयॉर्कच्या न्यायालयाने १९१६ साली, ब्यूइक गाडीचे लाकडी चाक मोडल्याच्या खटल्यात, निष्काळजीपणापुरते मान्य केलेच होते. आता ते हमीलाही लागू झाले.

यानंतर दोनच वर्षांनी, १९६२ साली, त्याच क्रायस्लर कंपनीने १९६३ च्या गाड्यांसाठी पाच वर्षे किंवा ५०,००० मैलांची पॉवरट्रेन हमी जाहीर केली. कंपनीची विक्री घसरली होती, तिच्या मागच्या काही गाड्यांचा लौकिक वाईट होता. गिऱ्हाईक परत आणायचे होते. ९० दिवसांवरून पाच वर्षे ही मजल लहान नव्हे, हे आम्ही मोकळ्या मनाने मान्य करतो. पण त्या हमीच्या अटी पाहा. इंजिनाचा ब्लॉक, हेड, आतले भाग, गिअरबॉक्स, शाफ्ट, जॉइंट, डिफरन्शियल हे सर्व आत. क्लच मात्र बाहेर. दर तीन महिन्यांनी किंवा ४,००० मैलांनी ऑइल बदलले पाहिजे आणि दर सहा महिन्यांनी त्याचा पुरावा विक्रेत्याला दाखवून नोंद करून घेतली पाहिजे. चरणमाळ घाटातल्या आमच्या चालकाला ज्या दोन अटी भोवल्या, त्या दोन्ही अशा साठ वर्षांपूर्वीच्या कागदावर छापलेल्या होत्या! आणखी एक गोष्ट ध्यानात घ्यावी. हेनिंग्सन बाईंचे स्टिअरिंग या पाच वर्षांच्या हमीतही आले नसते. त्यांना न्याय मिळाला तो कंपनीच्या कागदाने नव्हे, तर कागदाच्या वर असलेल्या कायद्याने.

आपल्याकडे त्या काळी गोष्ट उलटी होती. गाडी बनवणाऱ्या कंपन्या मोजक्या, परवाना सरकारचा, आणि गाडीची नोंदणी करून गिऱ्हाईक वर्षानुवर्षे थांबलेले. ज्याला गाडी मिळणेच भाग्याचे, तो हमी काय विचारणार? कुर्ल्याची पद्मिनी मुंबईच्या रस्त्यावर टॅक्सी म्हणून २०२३ च्या ऑक्टोबरपर्यंत धावली, ती हमीच्या बळावर नव्हे. गल्लीतल्या फिटरांच्या हातांवर धावली. १९८३ साली मारुती आली, १९९३ साली मोटार उद्योग परवान्यातून मुक्त झाला आणि स्पर्धा वाढली, तेव्हा हमीच्या मुदती जाहिरातीत झळकू लागल्या. आज अनेक विजेच्या गाड्यांच्या बॅटरीला आठ वर्षे किंवा १,६०,००० किलोमीटर अशी हमी असते.

तथापि केवळ स्पर्धेने गिऱ्हाइकाला हक्क मिळत नाहीत. त्यासाठी संघटना लागली. मुंबईत १९६६ साली गृहिणींनी पुढाकार घेऊन ग्राहकांची संस्था काढली. बिंदुमाधव जोशी यांनी १९७४ साली पुण्यात ग्राहक पंचायतीची मुहूर्तमेढ रोवली. या आणि देशभरच्या अशा प्रयत्नांतून २४ डिसेंबर १९८६ रोजी ग्राहक संरक्षण कायद्याला राष्ट्रपतींची संमती मिळाली. त्याची जागा आता २०१९ च्या कायद्याने घेतली असून तो जुलै २०२० पासून अमलात आहे. वस्तू लेखी हमीप्रमाणे नसेल, तर आपण निष्काळजी नव्हतो असे उत्पादकाने सिद्ध केले, तरी नुकसानीची जबाबदारी त्याला टळत नाही, असे हा कायदा म्हणतो. अन्याय्य करार हे शब्दही त्यात आले आहेत आणि अशा कराराविरुद्ध राज्य आयोगाकडे जाता येते. १९६० साली न्यूजर्सीत जे न्यायाधीशांनी म्हटले, त्याला आपल्याकडे कायद्यात जागा मिळाली.

पण भाबडेपणा नको. २००६ साली आपल्या सर्वोच्च न्यायालयाने एका मोटारीच्या खटल्यात सांगितले की हमीत सदोष भाग बदलून देण्याचेच वचन असेल, तर अख्खी गाडी बदलून मागता येणार नाही. म्हणजे कागदात काय लिहिले आहे, याला आजही फार किंमत आहे. दुसऱ्या बाजूने २०१४ साली भारतीय स्पर्धा आयोगाने १४ मोटार कंपन्यांना बजावले की बाहेरच्या फिटरकडे काम केले एवढ्याच कारणावरून सरसकट हमी रद्द करू नका. चुकीच्या दुरुस्तीने जेवढे नुकसान झाले असेल, तेवढ्यापुरतीच ती नाकारा. त्या निकालावर पुढे अपिले झाली. तरी हा विचार आम्हाला त्या दिवशी ठाऊक असता, तर आवाज चढवण्याऐवजी एवढेच विचारले असते: साहेब, गावात ऑइल बदलल्यामुळे बेअरिंग कसे तुटले, ते लिहून द्या.

मित्रहो, 'जे आधी होईल ते' हे चार शब्द बहुतेक हमींत असतात. तीन वर्षे किंवा एक लाख किलोमीटर. दुकानदाराची गाडी दिवसाला वीस किलोमीटर चालते. त्याला पुरी तीन वर्षे मिळतात. आमचा चालक शेलबारी आणि चरणमाळ घाट धरून दिवसाला दोनशे किलोमीटर चालवतो. त्याचे लाख किलोमीटर पाचशे दिवसांत संपतात. एकाच छापील कागदाने एकाला तीन वर्षे दिली आणि दुसऱ्याला दीड वर्षही दिले नाही. आणि हप्ते मात्र दोघांचेही पाच वर्षांचे! ज्याचे पोट गाडीवर, त्याची हमी आधी संपते.

अशा चालकाला पुष्कळदा सांगतात की तू धंद्यासाठी गाडी घेतलीस, तू ग्राहकच नव्हेस. हे अर्धसत्य आहे. व्यापारी कारणासाठी घेतलेली वस्तू कायद्याबाहेर आहे, हे खरे. पण स्वतःच्या उपजीविकेसाठी, स्वतः राबून चालवण्यासाठी जो ती घेतो, तो ग्राहकच आहे, असा खुलासा त्याच कायद्यात आहे. त्याला धुळ्याच्या जिल्हा आयोगाकडे तक्रार नेता येते. तक्रारीचे कारण घडल्यापासून दोन वर्षांच्या आत मात्र नेली पाहिजे.

आमचा चालक आज पुन्हा गाडी चालवतो. गिअरबॉक्सचे पैसे त्याने स्वतः भरले; पोत अजून सुटलेली नाही. त्याच्या गाडीत आता एक पत्र्याचा डबा असतो आणि त्यात ऑइलच्या, फिल्टरच्या, प्रत्येक सर्व्हिसिंगच्या पावत्या तारखेप्रमाणे लावलेल्या असतात. गावातल्या फिटरलाही त्याने पावतीपुस्तक छापून घ्यायला लावले आहे. संघटनेत आम्ही असा नियम केला आहे की कोणीही नवी गाडी घेतली, तर हमीचे पुस्तक सह्या करण्यापूर्वी चारचौघांत मोठ्याने वाचायचे; आधी काय वगळले ते वाचायचे, मग काय दिले ते. आपल्यापैकी ज्यांच्या घरी असे पुस्तक पडून असेल, त्यांनी ते घेऊन रविवारी सकाळी आमच्या कार्यालयात यावे. चहा आमचा, वाचन सर्वांचे.