आमाल्फीतील वारसा फेरी

आमाल्फी हे इटलीच्या कांपानिया प्रांतातील सालेर्नो जिल्ह्यात, तिऱ्हेनियन समुद्राच्या काठी वसलेले एक ऐतिहासिक नगर आहे. मध्ययुगात ते व्हेनिस, पिसा आणि जेनोवा यांच्या बरोबरीने इटलीतील चार प्रमुख सागरी प्रजासत्ताकांपैकी एक म्हणून ओळखले जात असे. आज त्याची लोकसंख्या सुमारे ५,००० असून सालेर्नोच्या आखातातील ज्या किनारपट्टीला या नगराचे नाव मिळाले आहे, त्या आमाल्फी किनाऱ्याचा समावेश १९९७ मध्ये युनेस्कोच्या जागतिक वारसा स्थळांच्या यादीत झाला. नगराचा जुना भाग अरुंद दरीत सामावलेला, पायऱ्यांचा आणि बोळांचा आहे. त्यातील बऱ्याच भागांत वाहन जाऊ शकत नाही. त्यामुळे जाणकार मार्गदर्शकासोबत पायी फिरणे, म्हणजेच वारसा फेरी, हा हे नगर समजून घेण्याचा रूढ मार्ग ठरला आहे.

पार्श्वभूमी

आमाल्फीचा पहिला विश्वसनीय उल्लेख इ.स. ५९६ मधील पोप पहिला ग्रेगरी याच्या पत्रात येतो. तेव्हा येथे बिशपचे पीठ होते. नगर नाममात्र बायझेंटाईन साम्राज्याच्या सत्तेखाली होते. नवव्या शतकात लोंबार्ड राजपुत्र सिकार्ड याने ते जिंकून तेथील रहिवाशांना सालेर्नोस नेले. परंतु ८३९ मध्ये सिकार्डचा खून झाल्यावर ते परतले आणि आपला कारभार स्वतः पाहू लागले. १ सप्टेंबर ८३९ हा दिवस प्रजासत्ताकाचा आरंभदिन मानला जातो. प्रारंभी निवडून आलेले अधिकारी आणि पुढे ड्यूक येथे राज्य करीत. ८४९ मधील ओस्तियाच्या आरमारी लढाईत नेपल्स व गाएता यांच्या जहाजांसह आमाल्फीची जहाजेही होती.

या नगराजवळ शेतीयोग्य सपाट जमीन जवळजवळ नव्हती. मागे उभे कडे आणि पुढे समुद्र, अशा जागी व्यापाराखेरीज उपजीविकेचे मोठे साधन नव्हते. आमाल्फीचे व्यापारी लाकूड, धान्य, कापड, मसाले यांची ने-आण कॉन्स्टँटिनोपल, इजिप्त आणि सीरियाच्या बंदरांशी करीत. जेरुसलेममध्ये अकराव्या शतकात त्यांनी यात्रेकरूंसाठी धर्मशाळा व रुग्णालय उभारले. पुढील काळातील हॉस्पिटलर सरदारांच्या संघाचा उगम त्यातून झाला.

१०७३ मध्ये नॉर्मन सरदार रॉबर्ट गुइस्कार्डने नगर ताब्यात घेतले, ११३१ मध्ये ते दुसरा रॉजर याच्या राज्यात पूर्णपणे विलीन झाले आणि ११३५ व ११३७ मध्ये पिसाच्या आरमाराने ते लुटले. राजकीय महत्त्व संपल्यावरही व्यापार काही काळ चालू राहिला.

फेरीचा नेहमीचा मार्ग

फेरी बहुधा बंदरापासून सुरू होऊन दरीतून वर जाते. अंतर थोडे असले तरी चढ आणि पायऱ्यांमुळे, तसेच मधल्या इमारती आतून पाहायच्या असल्यास, दोन ते तीन तास लागतात.

सागरद्वार आणि नौकागार

बंदराकडून नगरात शिरण्याचा मार्ग पोर्ता देल्ला मारिना, म्हणजे सागरद्वार, या कमानीतून जातो. त्याच्या शेजारी जुने नौकागार आहे. येथे प्रजासत्ताकाची लढाऊ जहाजे बांधली जात. टोकदार कमानींनी तोललेली दोन समांतर दालने आज उभी आहेत, परंतु ती मूळ इमारतीचा निम्मा भागच होत. उरलेला समुद्राने गिळला. या नौकागारात होकायंत्राचे व सागरी डचीचे संग्रहालय आहे.

आमाल्फीच्या नाविक कायद्याचे जतन झालेले हस्तलिखित हा नगराचा मोठा ठेवा आहे. 'तावोले आमाल्फिताने' या नावाने ओळखल्या जाणाऱ्या या संहितेत ६६ कलमे असून त्यांपैकी २१ लॅटिनमध्ये आणि ४५ लोकभाषेत आहेत. कप्तान, खलाशी व मालधनी यांचे हक्क आणि जबाबदाऱ्या त्यात ठरवून दिल्या आहेत. वादळात जहाज वाचवण्यासाठी माल समुद्रात टाकावा लागला तर नुकसान कोणी व कसे सोसावे, याचे नियमही त्यात आहेत. हे हस्तलिखित दीर्घकाळ व्हिएन्नात होते. १९२९ मध्ये ते आमाल्फीला परत मिळाले.

दुओमो चौक आणि कॅथेड्रल

सागरद्वारातून आत येताच दुओमो चौक लागतो. चौकात १७६० सालचे संत अँड्र्यू यांचे कारंजे आहे. चौकाच्या एका बाजूस उंच पायऱ्यांचा जिना चढून संत अँड्र्यू यांच्या कॅथेड्रलपाशी जाता येते. कॅथेड्रलचा दर्शनी भाग जुना दिसत असला तरी तो एकोणिसाव्या शतकातील आहे: १८६१ मध्ये पूर्वीचा दर्शनी भाग कोसळला आणि एर्रिको आल्विनो याच्या आराखड्यानुसार केलेली पुनर्बांधणी १८९१ मध्ये पूर्ण झाली. घंटामनोरा मात्र खरोखरच जुना असून त्याचे बांधकाम ११८० ते १२७६ या काळातील आहे. त्याच्या शिरावर हिरव्या व पिवळ्या झिलईच्या फरशा आहेत.

मुख्य दाराची कांस्य कवाडे कॉन्स्टँटिनोपलमध्ये १०६६ पूर्वी घडवली गेली. तेथे राहणाऱ्या पांतालेओने या आमाल्फीच्या धनाढ्य व्यापाऱ्याने ती करवून आणली. ख्रिस्त, मेरी, अँड्र्यू आणि पीटर यांच्या आकृती त्यांवर चांदीच्या तारेने जडवलेल्या होत्या. रोमन काळानंतर इटलीत आलेल्या अशा प्रकारच्या कवाडांत ही सर्वांत जुनी मानली जातात. तो काळ आमाल्फीच्या भरभराटीचा होता आणि तिची संपत्ती कोणत्या दिशेकडून येत होती, हे या एका वस्तूवरून सांगता येते.

कॅथेड्रलच्या उत्तरेस ओवऱ्यांनी वेढलेले एक प्रांगण आहे. 'स्वर्गाचे प्रांगण' या नावाने ते ओळखले जाते. १२६६ ते १२६८ या काळात आर्चबिशप फिलिप्पो आउगुस्तारिच्चो यांनी ते प्रतिष्ठित नागरिकांच्या दफनभूमीसाठी बांधले. जोडीने उभ्या केलेल्या १२० सडपातळ खांबांवर एकमेकींत गुंतलेल्या टोकदार कमानी आहेत. त्यांत अरबी कलेचा प्रभाव स्पष्ट दिसतो. येथूनच जुन्या, क्रुसाच्या बासिलिकात जाता येते. तेथे आता धार्मिक वस्तूंचे संग्रहालय आहे. खालील भुयारी दालनात संत अँड्र्यू यांचे अवशेष आहेत. चौथ्या धर्मयुद्धात कॉन्स्टँटिनोपलची लूट झाल्यानंतर कार्डिनल पिएत्रो कापुआनो यांनी १२०८ मध्ये ते येथे आणले. संताचा कांस्य पुतळा मिकेलांजेलो नाक्केरिनो याने घडवलेला आहे.

२७ जून आणि ३० नोव्हेंबर या दिवशी संताच्या मूर्तीची मिरवणूक निघते. समुद्रकाठाहून परत आल्यावर मूर्ती वाहणारे लोक कॅथेड्रलच्या पायऱ्या धावत चढतात. जूनमधील उत्सव १५४४ मध्ये वादळाने हैरेद्दीन बार्बारोस्साचे आरमार उधळून लावले, या घटनेच्या स्मरणार्थ असतो.

आच्छादित बोळ

मुख्य रस्त्याला समांतर असे घरांखालून जाणारे बोळ हे आमाल्फीचे वैशिष्ट्य आहे. जागा कमी असल्याने रस्त्यावरही घरे चढवली गेली आणि रस्ते बोगद्यासारखे झाले. मध्ययुगातील व्यापाऱ्यांची पेठ अशाच एका आच्छादित रस्त्यावर होती. भिंती पांढऱ्या चुन्याने रंगवलेल्या असतात, कारण आत प्रकाश कमी पोहोचतो. नगरावर शत्रू चालून आल्यास हेच बोळ रक्षणालाही उपयोगी पडत.

गिरण्यांची दरी

नगराच्या वरच्या टोकाला गिरण्यांची दरी सुरू होते. कान्नेतो या ओढ्याच्या पाण्यावर येथे कागदाचे कारखाने चालत. 'बांबाजिना' नावाचा येथील कागद चिंध्यांपासून होतो. पाण्याच्या जोरावर उचलली जाणारी, खिळे ठोकलेली लाकडी मुसळे दगडी उखळांत चिंध्या कुटत. लगदा तारेच्या साच्यावर उचलून, लोकरीच्या थरांमध्ये दाबून, वरच्या मजल्यावर वाळवला जाई. साच्याच्या तारेत विणलेली आकृती कागदात जलचिन्ह म्हणून उतरते. तेराव्या शतकातील एका जुन्या गिरणीत आता कागद संग्रहालय आहे. १९६९ मध्ये निकोला मिलानो यांनी ते स्थापन केले. पाहुण्यांना तेथे स्वतःच्या हाताने एक ताव काढून पाहता येतो.

या कागदाशी निगडित एक कायदा उल्लेखनीय आहे. सम्राट दुसरा फ्रेडरिक याने १२३१ मध्ये सरकारी दस्तऐवजांसाठी कागद वापरण्यास बंदी घातली, कारण चर्मपत्राच्या तुलनेत तो टिकाऊ नाही असे मानले जाई. बंदीची गरज पडावी, इतका कागद तेव्हा या परिसरात प्रचलित झाला होता, हेही त्यावरून कळते.

दंतकथा आणि पुरावा

बंदराजवळच्या चौकात हातात होकायंत्र घेतलेल्या फ्लावियो जोया याचा आल्फोन्सो बाल्त्सिको याने घडवलेला पुतळा आहे. चुंबकीय होकायंत्राचा शोध याने लावला, असे अनेक फेऱ्यांत आजही सांगितले जाते. प्रत्यक्षात असा मनुष्य होऊन गेल्याचा पुरावा नाही. पंधराव्या शतकातील इतिहासकार फ्लावियो बिओंदो याने या शोधाचे श्रेय आमाल्फीच्या लोकांना दिले जात असल्याचे लिहिले होते. १५११ मध्ये एका लेखकाने त्याचा हवाला देणारे लॅटिन वाक्य लिहिले. स्वल्पविरामाच्या जागेमुळे 'फ्लावियो सांगतो की शोध लागला' याऐवजी 'फ्लावियोने शोध लावला, असे सांगतात' असा अर्थ निघू लागला. पुढे त्या नावाला आडनाव जोडले गेले आणि शेवटी पुतळाही उभा राहिला.

यावरून आमाल्फीचे नाविक कर्तृत्व खोटे ठरत नाही. चुंबकसुईला दिशादर्शक चकतीसह पेटीत बसवून जहाजावर वापरण्यायोग्य करण्यात भूमध्य समुद्रातील नाविकांचा वाटा होता, आणि आमाल्फीचे खलाशी त्यांत होते. चांगला मार्गदर्शक पुतळा दाखवतो आणि ही कथाही सांगतो. फेरीचे मोल पाहिलेल्या वस्तूंच्या संख्येवर नव्हे, तर सिद्ध काय आणि ऐकीव काय हे वेगळे करून सांगण्यावर ठरते.

पाणी आणि नगर

आमाल्फीच्या इतिहासात समुद्राने दिले आणि समुद्रानेच नेले. २५ नोव्हेंबर १३४३ रोजी आलेल्या प्रलयंकारी लाटांनी बंदर आणि खालच्या नगराचा मोठा भाग नष्ट केला. त्याच सुमारास नेपल्समध्ये असलेल्या कवी पेत्रार्काने त्या वादळाचे वर्णन एका पत्रात केले आहे. २०१९ मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका संशोधनात या घटनेचा संबंध स्ट्रॉम्बोली ज्वालामुखीचा उतार समुद्रात कोसळून उठलेल्या लाटांशी जोडण्यात आला आहे.

डोंगराकडून येणारे पाणीही तितकेच धोक्याचे आहे. आमाल्फीचा मुख्य रस्ता ज्यावर आहे तो कान्नेतोचा प्रवाह आच्छादलेला असून पाणी रस्त्याखालून समुद्राला मिळते. फिरणाऱ्यांच्या ते लक्षातही येत नाही. २५ व २६ ऑक्टोबर १९५४ च्या अतिवृष्टीत सालेर्नो परिसरात तीनशेहून अधिक लोक मरण पावले आणि आमाल्फीतील बहुतेक कागद गिरण्या उद्ध्वस्त झाल्या. ९ सप्टेंबर २०१० रोजी शेजारच्या आत्रानीत द्रागोने हा आच्छादित ओढा फुटून बाहेर आला आणि त्यात एका तरुणीचा बळी गेला. डोंगरउतारांवर दगडी बांधांनी केलेली लिंबाची मजगी शेती येथे माती धरून ठेवते. ती परवडेनाशी होऊन ओस पडू लागली की बांध ढासळतात आणि पूर व दरडींचा धोका वाढतो. त्यामुळे 'स्फुसातो' या स्थानिक लिंबाची जपणूक हा केवळ खाद्यपरंपरेचा विषय नसून नगराच्या सुरक्षिततेचाही आहे. या लिंबाला २००१ मध्ये युरोपीय संघाचे भौगोलिक संरक्षण मिळाले.

मार्गदर्शक आणि नियम

इटलीत पर्यटक मार्गदर्शक हा परवानाधारक व्यवसाय आहे. २०२३ च्या कायदा क्रमांक १९० नुसार राष्ट्रीय परीक्षा व राष्ट्रीय नोंदवही यांची तरतूद झाली. परवाना नसताना मोबदला घेऊन स्मारकांची माहिती देणे बेकायदा आहे. चर्चमध्ये खांदे व गुडघे झाकणारा पोशाख अपेक्षित असतो.

आमाल्फीत रेल्वे स्थानक नाही. सालेर्नोहून बसने आणि पर्यटन हंगामात बोटीने येता येते. एकोणिसाव्या शतकात किनारी रस्ता होईपर्यंत येथे समुद्रमार्गे किंवा खेचरवाटांनीच येत असत. आता हाच अरुंद रस्ता हंगामात कोंडतो. त्यामुळे २०२२ पासून गर्दीच्या दिवशी वाहनक्रमांकाच्या शेवटच्या सम व विषम अंकानुसार मोटारींना आलटून पालटून प्रवेश दिला जातो. चैत्र-वैशाखाचे दिवस अथवा शरद ऋतूचा आरंभ फेरीस अधिक सोयीचा असतो. उन्हाळ्यात सकाळ लवकर चांगली.

आत्रानीतील सान साल्वातोरे दे बिरेक्तो या चर्चमध्ये आमाल्फीच्या ड्यूकांचा अधिकारग्रहण विधी होत असे. क्षेत्रफळाने इटलीतील सर्वांत लहान नगरपालिका असलेले आत्रानी अगदी जवळ असल्याने फेरी तेथवर वाढवता येते. गिरण्यांच्या दरीतून पुढे गेल्यास फेरिएरे खोऱ्याचे संरक्षित क्षेत्र लागते. तेथे अतिप्राचीन काळापासून टिकून राहिलेले वुडवर्डिया जातीचे नेचे आढळतात.

साहित्यातील संदर्भ

नॉर्वेजियन नाटककार हेन्रिक इब्सेन १८७९ मध्ये आमाल्फीत राहिला होता. पूर्वी फ्रान्सिस्कन मठ असलेल्या आणि नंतर हॉटेल झालेल्या इमारतीत त्याने 'अ डॉल्स हाउस' या नाटकाचे काम केले. याच नाटकाचे अनंत काणेकर यांनी केलेले 'घरकुल' हे रूपांतर मराठी रंगभूमीवर आले. इंग्रजी नाटककार जॉन वेब्स्टर याचे 'द डचेस ऑफ माल्फी' हे नाटकही आमाल्फीच्या एका डचेसच्या जीवनावर आधारित आहे.

वार्षिक कार्यक्रम

१९५६ पासून व्हेनिस, पिसा, जेनोवा आणि आमाल्फी यांच्यात आळीपाळीने ऐतिहासिक नौकाशर्यत होते. ज्या वर्षी यजमानपद आमाल्फीकडे असते, त्या वर्षी बंदराजवळ पारंपरिक वेषातील मिरवणूक निघते.