वत्सगुल्म: तांबे काय सांगते

वाशिमचे जुने नाव वत्सगुल्म, हे तिथल्या पद्मतीर्थ तळ्यावर बसलेला कोणीही सांगेल. वत्स ऋषींनी इथे तप केले आणि त्यांच्या आश्रमाभोवती देवांचा समुदाय येऊन राहिला, अशी वत्सगुल्ममाहात्म्यातली कथा. कामसूत्राची जयमंगला टीका निराळेच सांगते: वत्स आणि गुल्म हे दक्षिणेतले दोन राजपुत्र. राजशेखराने काव्यमीमांसेत वत्सगुल्म विदर्भात असल्याचे लिहिले. मी शाळेत इतिहास शिकवला तेव्हा मुलांपुढे या तिन्ही गोष्टी ठेवत असे आणि विचारत असे, यातल्या कशाने काय सिद्ध होते?

१९३९ साली वाशिमचा ताम्रपट उजेडात आला. यशवंत खुशाल देशपांडे आणि महाजन यांनी तो अभ्यासकांपुढे आणला. वाकाटक राजा दुसरा विंध्यशक्ती याने राज्याच्या ३७व्या वर्षी वत्सगुल्माहून हे दान दिले. वंशावळ संस्कृतात, पुढचा व्यवहाराचा मजकूर प्राकृतात. राजाचा बाप सर्वसेन, आजा पहिला प्रवरसेन.

आता नीट पाहा. ताम्रपट दान घेणाऱ्याच्या घरी राहतो, आणि घर हलले की तोही हलतो. शिवाय दिलेले गाव नंदिकडाच्या, म्हणजे नांदेडच्या, उत्तर भागातले. म्हणून तो वाशिमला सापडला एवढ्यानेच वाशिम हे वत्सगुल्म ठरत नाही. सापडल्याची जागा, राजशेखराचा विदर्भ आणि माहात्म्याने जपलेले स्थानिक नाव ही तिन्ही एकत्र धरली की मात्र अनुमान पक्के होते. पोथीला भाकडकथा म्हणून फेकणाऱ्यांवर माझा म्हणूनच राग आहे. पण त्याच ताम्रपटाने ऋषींची कथा खरी ठरली, असे भाषणांतून सांगतात, तेही मला मान्य नाही. त्यात वत्स ऋषींचे नाव कुठेही नाही.

या तांब्याने खरा उलगडा केला तो अजिंठ्याचा. १६व्या लेण्यात वाकाटक राजा हरिषेण याचा मंत्री वराहदेव याचा झिजलेला लेख आहे. वाकाटकांच्या दुसऱ्या, म्हणजे वत्सगुल्माच्या, शाखेची कल्पनाच नव्हती, तेव्हा त्यातली तुटकी नावे ओळखीच्या राजांची समजून वाचली गेली. तर्क सुसंगत होता, विद्वान मोठे होते. वासुदेव विष्णु मिराशींनी वाशिमची वंशावळ हाताशी घेऊन तो लेख पुन्हा तपासला, १९४१ साली नवे वाचन छापले, आणि प्रवरसेनानंतरच्या जागी त्यांना सर्वसेनाचे नाव सापडले.