जुहू ते उलवे : मुंबईच्या विमानतळांच्या जागांचा इतिहास

मुंबईच्या आकाशातील गर्दी विमानांच्या वाढत्या संख्येमुळे झाली, असे सामान्यतः समजले जाते. परंतु या शहरातील विमानतळांचा गेल्या शंभर वर्षांचा इतिहास पाहता तिचे मूळ जमिनीच्या निवडीत आणि त्या निवडीला लागलेल्या विलंबात आहे, असे दिसते. जुहूचा तळ १९२८ मध्ये नागरी विमानांसाठी सुरू झाला, तेव्हा तो शहराबाहेर होता आणि हलक्या विमानांना तेवढी जागा पुरत होती. १५ ऑक्टोबर १९३२ रोजी जे. आर. डी. टाटा कराचीहून टपालाच्या थैल्या घेऊन, पुस मॉथ जातीच्या एका इंजिनाच्या विमानाने अहमदाबादमार्गे येथेच उतरले आणि पुढचे टपाल नेव्हिल व्हिन्सेंट यांनी बेल्लारीमार्गे मद्रासला नेले. मात्र समुद्रालगतची ही जमीन सखल असल्याने पावसाळ्यात तेथे पाणी साचून चिखल होई आणि त्या महिन्यांत टपालसेवा पुण्याला हलवावी लागे.

सांताक्रूझचा तळ दुसऱ्या महायुद्धाच्या काळात ब्रिटिश हवाई दलाने वापरला होता. १९४८ मध्ये नागरी वाहतूक जुहूहून तेथे गेली, परंतु जुहूची धावपट्टी मोडीत निघाली नाही. दोन तळांमध्ये जेमतेम काही किलोमीटरचे अंतर आणि त्यांच्या पूर्व-पश्चिम धावपट्ट्यांच्या दिशा जवळजवळ सारख्या, यामुळे नजरेच्या आधारे उतरणाऱ्या वैमानिकांची फसगत होण्याची शक्यता कायम राहिली. १९५३ मध्ये ब्रिटिश ओव्हरसीज एअरवेजचे कॉमेट जातीचे जेट विमान चुकून जुहूला उतरले. २४ सप्टेंबर १९७२ रोजी जपान एअरलाइन्सचे डीसी-८ विमानही तसेच उतरले आणि आखूड धावपट्टीवर थांबू न शकल्याने तिच्या टोकापलीकडे गेले. विमान निकामी झाले, पण सुदैवाने कोणी दगावले नाही.

सांताक्रूझला दोन धावपट्ट्या आहेत, पण त्या एकमेकींना छेदतात. ज्या काळात लहान विमानांना आडवा वारा झेपत नसे, त्या काळात वेगवेगळ्या दिशांच्या धावपट्ट्या असणे सोयीचे होते. परंतु छेदणाऱ्या धावपट्ट्यांवर एकाच वेळी स्वतंत्रपणे विमाने उतरवता येत नाहीत, म्हणून व्यवहारात या विमानतळाची क्षमता एका धावपट्टीइतकीच राहते. मुख्य धावपट्टी सुमारे ३,४४५ मीटर लांब आहे. दुसरी तिच्याहून आखूड असून तिच्या मार्गाला ट्रॉम्बेच्या टेकडीची अडचण आहे. समांतर धावपट्टीसाठी लागणाऱ्या जमिनीवर इमारती उठल्या आणि विमानतळाच्या स्वतःच्या मालकीच्या जागेवरही मोठ्या झोपडवस्त्या वसल्या. याच विमानतळाचे सहार येथील प्रवासी टर्मिनल १९८० च्या दशकाच्या आरंभी आणि आजचे भव्य टर्मिनल २०१४ मध्ये उघडले, म्हणजे प्रवाशांना बसायला जागा दोनदा मिळाली, पण विमानांना उतरायला नवी जागा एकदाही मिळाली नाही. या शहराच्या नियोजनातील सर्वांत महागडी विसंगती कोणती असेल, तर ती हीच.

जमिनीची उणीव मग घड्याळाने भरून काढावी लागली. प्रत्येक विमान कंपनीला उतरण्या-उडण्याची ठरावीक वेळ दिली जाते, तिला स्लॉट म्हणतात. उन्हाळी आणि हिवाळी अशा दोन हंगामांसाठी हे वाटप होते आणि हंगामातील किमान ८० टक्के वेळा वापरल्यास पुढच्या वर्षीही त्यांवर हक्क राहतो, त्यामुळे नव्या कंपनीला सोयीची वेळ मिळणे कठीण होते. त्याखेरीज धावपट्टीवरून चटकन बाहेर पडता यावे म्हणून तिरके जोडमार्ग बांधण्यात आले. मोठ्या विमानामागे हवेत भोवरे उठतात आणि मागचे विमान त्यांत सापडू नये म्हणून ठेवायचे अंतर नियंत्रकाला सतत सांभाळावे लागते. ते सांभाळूनही गर्दीच्या तासात ४६ हालचाली, म्हणजे सरासरी दर ७८ सेकंदांना एक उड्डाण किंवा अवतरण, असा वेग मुंबईने गाठला. ८ डिसेंबर २०१८ रोजी तर २४ तासांत १,००७ हालचाली झाल्या. नियंत्रकांचे कौशल्य निःसंशय असामान्य होते, पण इतक्या घट्ट बांधलेल्या वेळापत्रकात चार-दोन मिनिटांचा उशीरही पुढच्या कित्येक विमानांना सोसावा लागतो. विमाने चाळीस-चाळीस मिनिटे घिरट्या घालू लागली आणि एवढ्या वेळात एकेका विमानाचे सुमारे १,७०० लिटर इंधन वाया जाऊ लागले, तेव्हा फेब्रुवारी २०२४ मध्ये सरकारने तासातील हालचालींचा आकडा ४६ वरून ४४ वर आणला आणि खासगी विमानांच्या वेळांवरही बंधने घातली.

दुसऱ्या विमानतळाची गरज कोणाला कळली नव्हती, असे मात्र नाही. नवी मुंबई वसवण्यासाठी सिडको हे सरकारी महामंडळ १९७० मध्येच स्थापन झाले. पुढे विमानतळासाठी रेवस-मांडव्याचा विचार झाला आणि अखेर पनवेलजवळची उलव्याची जागा पक्की होऊन २००७ मध्ये केंद्राची तत्त्वतः मान्यता आणि २०१० मध्ये पर्यावरण मंजुरी मिळाली. खारफुटी आणि गाढी नदी वाचावी म्हणून दोन समांतर धावपट्ट्यांमधील नियोजित अंतर १,८०० मीटरवरून १,५५० मीटरवर आणण्यात आले. दोन्हींवर स्वतंत्रपणे विमाने उतरवण्यासाठी आंतरराष्ट्रीय नियमांनुसार किमान १,०३५ मीटर लागतात, त्यामुळे ही तडजोड शक्य झाली. तरीही सुमारे ९० मीटर उंचीची टेकडी सपाट करावी लागली, उलवे नदीचा प्रवाह वळवावा लागला आणि दहा गावांना घरे-शेते सोडावी लागली. या पट्ट्यातील भूमिपुत्रांना मोबदला मागण्याचे बळ आधीच्या लढ्यातून आले होते. जानेवारी १९८४ मध्ये दि. बा. पाटील यांच्या नेतृत्वाखालील भूसंपादनविरोधी आंदोलनात जासई परिसरात पोलिसांच्या गोळीबाराने पाच शेतकऱ्यांचा बळी घेतला आणि त्या संघर्षातून संपादित जमिनीच्या साडेबारा टक्के विकसित भूखंड परत देण्याचे तत्त्व सरकारला मान्य करावे लागले. विमानतळबाधितांसाठी हे प्रमाण साडेबावीस टक्क्यांपर्यंत गेले. विमानतळाला पाटील यांचे नाव द्यावे, असा ठराव राज्य विधिमंडळाने २०२२ मध्ये केला.

८ ऑक्टोबर २०२५ रोजी उद्घाटन झालेल्या या विमानतळाचा पहिला टप्पा वर्षाला दोन कोटी प्रवाशांसाठी आहे आणि त्यात धावपट्टी एकच आहे. दुसरीसाठीची जमीन मात्र या वेळी आरंभापासून आराखड्यात राखलेली आहे.