गळाभेटीनंतरची पटकथा

जून 1983. दक्षिण कोरियाच्या केबीएस वाहिनीवर एक कार्यक्रम सुरू झाला. कोरियन युद्धात ताटातूट झालेली माणसं हातात पाट्या धरून कॅमेऱ्यासमोर यायची. पाटीवर नाव, गाव आणि शेवटचं कुठे पाहिलं ते. हा कार्यक्रम 138 दिवस चालला. दहा हजारांहून जास्त भेटी घडल्या. मिठी, हंबरडा, पुढची पाटी. सगळा देश टीव्हीसमोर बसून रडत होता.

सोंग गिल-हान या पटकथाकाराला प्रश्न पडला तो मिठीनंतरचा. त्याने लिहिलेला ‘गिलसोत्तम’ 1985 साली आला. ह्वा-योंग ही सुखवस्तू बाई याच गर्दीत हरवलेला मुलगा शोधायला येते आणि तिला जुना प्रियकर भेटतो. दोघं मिळून मुलापर्यंत पोचतात. मुलगा गरीब आहे, रांगडा आहे, आयुष्याने पार सोलून काढलेला. वैद्यकीय तपासणीही नात्याच्या बाजूने झुकते. तरी ह्वा-योंग त्याला आपला म्हणत नाही. गाडीत बसते आणि निघून जाते.

लिहिणाऱ्याने तिला खलनायिका केलेलं नाही, हे महत्त्वाचं. रक्त जुळलं, पण मधली तीस वर्षं कोण जुळवणार? फाळणीची जखम एका मिठीने भरत नाही, हे त्या भावुक दिवसांनंतर दोनच वर्षांनी सांगायला धाडस लागतं.

दिग्दर्शक होते इम क्वोन-ताएक. पुढे 2002 साली कानमध्ये सर्वोत्कृष्ट दिग्दर्शकाचा पुरस्कार मिळालेले. त्यांचं नाव जगाला ठाऊक आहे. पण शंभराच्या घरात सिनेमे करणाऱ्या या माणसाचं ऐंशीच्या दशकातलं वळण पाहा: ‘जाक्को’, ‘मंडला’, ‘गिलसोत्तम’, ‘तिकीट’. चारही पटकथांवर सोंगचं नाव आहे. ‘जाक्को’मध्ये कम्युनिस्ट गनिमाचा वर्षानुवर्षं पाठलाग करणारा माजी पोलीस आहे. कम्युनिस्ट म्हणजे राक्षस, हा तेव्हाचा सरकारमान्य साचा. सोंगने दाखवली दोन थकलेली, सारखीच उद्ध्वस्त माणसं. तीही लष्करी राजवटीत.

किंमतही मोजावी लागली. भिक्षुणीच्या आयुष्यावरचा ‘बिगुनी’ 1984 साली बौद्ध संघाच्या विरोधामुळे चित्रीकरणातच थांबला. उरलेली रिळं दुरुस्त होऊन 2017 साली जोंजू महोत्सवात पडद्यावर आली, तेहतीस वर्षांनी.

आज आपण मोबाइलवर कोरियन मालिका रात्रभर पाहतो आणि श्रेयनामावली आली की ‘स्किप’ दाबतो. पटकथाकाराचं नाव नेमकं तिथेच असतं.