पॅरोटायटिस म्हणजे काय? गालगुंड, गालफुगी आणि गलगंड यांतला फरक

मुलाचा एक गाल कानाखाली सुजला, अंगात ताप भरला, घास चावताना रडायला लागला. बोईसरच्या एखाद्या दवाखान्यात नेलं आणि डॉक्टरांनी केसपेपरवर लिहिलं, ‘अक्यूट पॅरोटायटिस’. बाहेर पडताच बहुतेक पालक मोबाईल काढतात आणि हा शब्द शोधू लागतात. नाव जड असल्यामुळे काहीतरी भयंकर झालंय असं वाटतं. खरं तर तुमच्या आजीला हा आजार नावानिशी माहीत असतो. ती म्हणेल, “अरे, गालगुंड झालंय त्याला.”

या लेखात आपण पॅरोटायटिस या शब्दाचा अर्थ, त्याचे मराठी प्रतिशब्द, तो कुठे वापरायचा आणि कुठे नाही, हे पाहू. त्याचबरोबर या आजाराच्या लसीबद्दल एक गोष्ट समजून घेऊ, जी अनेक पालकांच्या लक्षात आलेली नसते.

पॅरोटायटिसचा सोपा अर्थ

आपल्या तोंडात लाळ तयार करणाऱ्या मोठ्या ग्रंथींच्या तीन जोड्या असतात. एक जोडी कानाच्या पुढे आणि खाली, दुसरी जबड्याखाली आणि तिसरी जिभेखाली. यातली कानाजवळची जोडी सर्वांत मोठी. तिला पॅरोटिड ग्रंथी म्हणतात. या ग्रंथीला दाहासह सूज आली की त्याला पॅरोटायटिस म्हणतात.

शब्द ग्रीक मुळाचा आहे. ‘पॅरा’ म्हणजे शेजारी, ‘ओट’ म्हणजे कान आणि ‘आयटिस’ म्हणजे दाह किंवा सूज. टॉन्सिलायटिस, अपेंडिसायटिस या नावांतही हाच ‘आयटिस’ आहे. मराठी वैद्यकीय लेखनात पॅरोटिड ग्रंथीला ‘कर्णमूल ग्रंथी’ आणि पॅरोटायटिसला ‘कर्णमूलशोथ’ म्हणतात. कर्णमूल म्हणजे कानाचं मूळ, शोथ म्हणजे सूज. म्हणजे ग्रीक आणि मराठी, दोन्ही नावं कानाजवळची जागाच दाखवतात.

बोलीभाषेत काय म्हणतात?

मराठीत गालगुंड आणि गालफुगी हे दोन शब्द सर्रास चालतात. बोईसर हे अनेक भाषांचं गाव. तारापूर एमआयडीसीमुळे देशभरातून आलेली माणसं इथे राहतात आणि गुजरातची सीमाही जवळ आहे. त्यामुळे एकाच चाळीत या आजाराची तीन-चार नावं ऐकू येऊ शकतात. गुजराती शेजारी ‘गालपचोळियां’ म्हणतील, हिंदी बोलणारे ‘गलसुआ’ किंवा ‘कनपेड़’ म्हणतील, शाळेच्या ग्रुपवर ‘मम्प्स’ असा मेसेज येईल. नावं वेगळी, आजार एकच.

आयुर्वेदात सुश्रुतसंहितेमध्ये ‘पाषाणगर्दभ’ नावाचा विकार सांगितला आहे. जबड्याच्या सांध्याजवळ येणारी ही टणक सूज म्हणजे गालगुंडच, असं आयुर्वेदाचे अनेक अभ्यासक मानतात.

गालगुंड, गलगंड आणि गंडमाळा: गल्लत इथे होते

व्हॉट्सअॅपवर फिरणाऱ्या मेसेजमध्ये हे तीन शब्द एकमेकांच्या जागी सर्रास वापरलेले दिसतात. तिन्ही आजार मात्र पूर्ण वेगळे आहेत.

गालगुंड: कानाच्या पुढे-खाली, गालाच्या मागच्या भागात सूज. कारण विषाणू. सोबत ताप आणि चावताना दुखणं. साधारण आठ-दहा दिवसांत बरा होतो.

गलगंड: गळ्याच्या पुढच्या भागात, मध्यभागी असलेली थायरॉईड ग्रंथी वाढणं. गिळताना ही गाठ वर-खाली हलते. आयोडीनची कमतरता हे याचं एक प्रमुख कारण. यासाठीच 1962 साली देशात राष्ट्रीय गलगंड नियंत्रण कार्यक्रम सुरू झाला आणि पुढे आयोडीनयुक्त मीठ घरोघरी पोहोचलं. गलगंड एकाकडून दुसऱ्याला होत नाही.

गंडमाळा: मानेच्या बाजूला माळेसारख्या एकापुढे एक येणाऱ्या गाठी. लसिका ग्रंथींचा क्षयरोग हे याचं नेहमीचं कारण. याला क्षयरोगाचं पूर्ण औषध लागतं.

लक्षात ठेवायची सोपी खूण अशी: ‘गाल’ असेल तर गालाजवळ, ‘गल’ असेल तर गळ्याशी. एका कान्याचा फरक आहे, पण त्यामुळे डॉक्टर बदलतो, तपासणी बदलते आणि औषधही बदलतं. गंडमाळेला गालगुंड समजून लेप लावत बसलं, तर क्षयरोगाचे उपचार लांबतात.

हा शब्द वाक्यात कसा वापरायचा?

• “मुलाला गालगुंड झालंय, पाच दिवस शाळेत पाठवू नका असं डॉक्टर म्हणाले.”
• “रिपोर्टमध्ये डाव्या बाजूचा पॅरोटायटिस लिहिलंय.”
• “बायलॅटरल पॅरोटायटिस म्हणजे दोन्ही बाजूंची सूज.”
• “मला लहानपणी गालफुगी होऊन गेली आहे.”

केसपेपरवरचा ‘अक्यूट’ म्हणजे अचानक आणि नुकताच सुरू झालेला. आजार गंभीर आहे, असा त्याचा अर्थ नाही. ‘रिकरंट’ म्हणजे पुन्हा पुन्हा होणारा.

प्रत्येक पॅरोटायटिस म्हणजे गालगुंड नाही

गालगुंड हा पॅरोटायटिसचा सर्वांत परिचित प्रकार, पण एकमेव नाही. कानाजवळची ग्रंथी सुजण्याची आणखी कारणं आहेत.

जिवाणूंचा संसर्ग झाला तर सूज बहुधा एकाच बाजूला येते, त्वचा लाल आणि गरम होते आणि ग्रंथी दाबल्यावर तोंडात पू येतो. पाणी कमी पडलेले, अंथरुणाला खिळलेले किंवा नुकतंच ऑपरेशन झालेले वयस्कर यात जास्त सापडतात. लाळेच्या नळीत खडा अडकला तर जेवताना सूज येते आणि थोड्या वेळाने उतरते. असे खडे जबड्याखालच्या ग्रंथीत जास्त आढळतात. मधुमेह, दीर्घकाळचं दारूचं व्यसन आणि स्वतःच्याच प्रतिकारशक्तीमुळे होणारे काही आजार यांतही या ग्रंथी मोठ्या होतात.

मोठ्या माणसाच्या कानाजवळ न दुखणारी गाठ हळूहळू वाढत असेल, तर ते गालगुंड समजू नका. ती ट्यूमरची गाठ असू शकते. अशा बहुतेक गाठी कर्करोगाच्या नसतात, पण तपासल्याशिवाय ते कळत नाही. चेहऱ्याची एक बाजू वाकडी व्हायला लागली, तर एक दिवसही थांबू नका.

गालगुंड कसं ओळखायचं?

गालगुंड मम्प्सच्या विषाणूमुळे होतं. खोकला, शिंक आणि लाळ यांतून ते पसरतं. एकाच बाटलीतून पाणी पिणं, एकाच ताटात जेवणं यातूनही पसरतं. कारखान्यांचा धूर, थंड पाणी किंवा आंबट खाणं यामुळे गालगुंड होत नाही. मात्र झाल्यावर आंबट खाल्लं तर लाळ सुटते आणि कळ येते, म्हणून आंबट टाळायला सांगतात.

विषाणू शरीरात शिरल्यापासून साधारण 16 ते 18 दिवसांनी लक्षणं दिसतात. आधी ताप, डोकेदुखी, अंगदुखी, भूक मंदावणं. मग कानाखाली सूज. सुजेमुळे कानाची पाळी वर आणि बाहेर ढकलल्यासारखी दिसते. आधी एक बाजू आणि एक-दोन दिवसांनी दुसरी, असंही होतं. काही जणांना सूज येतच नाही, साध्या सर्दी-तापासारखं वाटून जातं, पण तेही आजार पसरवू शकतात.

सूज येण्याच्या दोन दिवस आधीपासून सूज आल्यानंतर पाच दिवसांपर्यंत रुग्णाकडून इतरांना लागण होऊ शकते. म्हणून पाच दिवस घरी ठेवायचं. पालघर जिल्ह्यात अनेक आश्रमशाळा आणि वसतिगृहं आहेत, तर बोईसरमध्ये एका खोलीत चार-सहा कामगार राहतात. अशा ठिकाणी एकाला झालं की बाकीच्यांना व्हायला वेळ लागत नाही. म्हणून शाळेला किंवा खोलीतल्या सोबत्यांना लगेच सांगावं. यात लपवण्यासारखं काही नाही.

लोक कशाला घाबरतात आणि खरं काय?

“गालगुंड खाली उतरलं तर मूल होत नाही,” असं म्हणतात. यात थोडं तथ्य आहे आणि बरीच भीती. वयात आलेल्या आणि लस न घेतलेल्या पुरुषांना गालगुंड झालं, तर त्यांतल्या साधारण 15 ते 30 टक्के जणांच्या वृषणाला सूज येते. बहुतेकदा ती एकाच बाजूला असते. वृषण काही प्रमाणात आकसू शकतं, पण पूर्ण वंध्यत्व क्वचितच येतं. वयात न आलेल्या मुलांमध्ये ही सूज सहसा येत नाही. लाजेपोटी दुखणं लपवणं मात्र चूक आहे, लगेच डॉक्टरांना दाखवा.

मेंदूच्या आवरणाला सूज, स्वादुपिंडाला सूज आणि अचानक येणारं बहिरेपण या इतर गुंतागुंती आहेत. बहिरेपण दुर्मीळ असलं, तरी ते एका कानाला कायमचं येऊ शकतं. लहान मूल ते सांगू शकत नाही, म्हणून बरं झाल्यावर ते दोन्ही बाजूंनी हाक ऐकतं का, हे पाहावं.

लसीबद्दलची ती गोष्ट

सरकारी लसीकरणात बाळाला 9 ते 12 महिन्यांत आणि 16 ते 24 महिन्यांत एमआर लस मोफत मिळते. महाराष्ट्रात 27 नोव्हेंबर 2018 पासून 9 महिने ते 15 वर्षांच्या मुलांसाठी याच लसीची मोठी मोहीम शाळाशाळांतून झाली होती. एमआर म्हणजे मिझल्स आणि रुबेला, अर्थात गोवर आणि रुबेला. यात मम्प्स नाही.

गालगुंडापासून संरक्षण देते ती एमएमआर. मधला जादा ‘एम’ मम्प्सचा. बालरोगतज्ज्ञांची भारतीय संघटना ही लस 9 महिने, 15 महिने आणि 4 ते 6 वर्षं अशी तीनदा द्यायला सांगते. राष्ट्रीय कार्यक्रमात ती नसल्यामुळे सहसा खासगी दवाखान्यात पैसे मोजून घ्यावी लागते. पुण्याची सीरम इन्स्टिट्यूट ही लस बनवते, म्हणजे लस आपल्याच राज्यात तयार होते आणि तरी आपल्याच अनेक मुलांना मिळत नाही.

म्हणून “सगळ्या लसी झाल्यात” एवढ्यावर थांबू नका. घरातलं लसीकरण कार्ड काढा आणि एमआर लिहिलंय की एमएमआर, ते वाचा. फक्त एमआर असेल तर डॉक्टरांना विचारा. एमएमआर गर्भवतींना देत नाहीत. लस घेऊनही क्वचित गालगुंड होऊ शकतं, पण ते बहुधा सौम्य असतं.

या लसीमागची गोष्टही वाचण्यासारखी आहे. 1963 साली अमेरिकेतले शास्त्रज्ञ मॉरिस हिलमन यांच्या मुलीला, जेरिल लिनला, गालगुंड झालं. त्यांनी तिच्या घशातून नमुना घेतला आणि त्या विषाणूपासून लस तयार केली. 1967 मध्ये तिला परवाना मिळाला. त्या विषाणूवाणाला आजही तिच्याच नावाने ओळखतात.

घरी काय करायचं?

गालगुंडावर विषाणू मारणारं खास औषध नाही आणि अँटिबायोटिकचा उपयोग होत नाही. विश्रांती, भरपूर पाणी, पेज, मऊ भात, वरण, ताप-दुखण्यासाठी वजनानुसार पॅरासिटामॉल आणि गार किंवा कोमट शेक, एवढं पुरतं. मुलांना अॅस्पिरिन देऊ नका.

जहरी नारळ उगाळून लावणं, काव किंवा चुन्याचा लेप, हे उपाय अनेक घरांत होतात. आजार आपोआप उतरत असल्यामुळे श्रेय लेपाला जातं. चुन्याने लहान मुलाची त्वचा भाजते. आजीचं मन राखायचं असेल, तर ओल्या फडक्याचा शेक तिच्याच हातून देऊ द्या.

लगेच डॉक्टरांकडे कधी जायचं?

• मान ताठ होणं, जोराची डोकेदुखी, सतत उलट्या, झटका किंवा गुंगी
• पोटात तीव्र दुखणं
• वृषणाला सूज किंवा वेदना
• अचानक ऐकू कमी येणं
• गिळता किंवा श्वास घेता न येणं
• दहा दिवसांनंतरही सूज न उतरणं

थोडक्यात

पॅरोटायटिस म्हणजे कानाजवळच्या लाळग्रंथीची सूज. ती मम्प्सच्या विषाणूमुळे आली तर गालगुंड किंवा गालफुगी. गलगंड वेगळा, गंडमाळा वेगळी. पुढच्या वेळी ग्रुपवर कुणी “गलगंडाची साथ आलीय” असा मेसेज टाकला, तर शब्द दुरुस्त करा आणि सोबत एवढं विचारा, “कार्डावर एमआर आहे की एमएमआर?”