दुष्काळातला तेरावा महिना

‘दुष्काळात तेरावा महिना’ असं आपण सहज म्हणतो. पेट्रोल महागलं आणि त्यात टायर पंक्चर झाला, की झालाच तेरावा महिना. पण हा महिना मुळात खराखुरा आहे. बारा चांद्र महिन्यांचे दिवस भरतात ३५४ आणि ऋतूंचं वर्ष असतं ३६५ दिवसांचं. दरवर्षी ११ दिवसांची तूट पडते. ती भरून काढायला साधारण पावणेतीन वर्षांनी एक अधिक महिना घालावा लागतो.

मी सध्या एका फँटसी कादंबरीसाठी कॅलेंडर तयार करतेय. माझ्या जगात चंद्राचा महिना ३० दिवसांचा आणि वर्ष ३६८ दिवसांचं. बारा महिन्यांनंतर आठ दिवस उरतात. पंधरा वर्षांत त्यांचे १२० दिवस होतात, म्हणजे बरोबर चार अधिक महिने. हे गणित सोपं होतं. अवघड प्रश्न त्याच्या पुढचा आहे: तो महिना आला हे जाहीर कोण करणार, आणि त्याचा खर्च कुणाच्या अंगावर पडणार?

याचं एक फार जुनं उत्तर बॅबिलोनमध्ये सापडतं. जवळपास पावणेचार हजार वर्षांपूर्वी राजा हम्मुराबीने सिन-इद्दिनम या आपल्या अधिकाऱ्याला पाठवलेला हुकूम मातीच्या पाटीवर टिकून आहे. त्याचा आशय असा: वर्ष कमी पडतंय, तेव्हा येणारा महिना तश्रीतू न धरता ‘दुसरा उलूलू’ म्हणून नोंदवा. मात्र तश्रीतूच्या २५ तारखेला जो कर बॅबिलोनला पोचायचा होता, तो आता दुसऱ्या उलूलूच्या २५ तारखेला पोचला पाहिजे. म्हणजे महिना वाढला, पण कर भरायची मुदत एका दिवसानेही वाढली नाही. राजाने कॅलेंडर लांबवलं आणि स्वतःचं येणं तेवढं जागच्या जागी ठेवलं.

अधिक महिनाच नको म्हटलं तर? हिजरी कालगणना शुद्ध चांद्र आहे, त्यात अधिक महिना नाही. ऑटोमन साम्राज्यात सैनिकांचे पगार या चांद्र महिन्यांनुसार होत आणि शेतीचं उत्पन्न मात्र सूर्याच्या वर्षाने येई. सूर्याची ३२ वर्षं होतात तेवढ्यात चंद्राची ३३ होतात. म्हणजे ३२ वर्षांच्या वसुलीतून ३३ वर्षांचे पगार भागवायचे. पीक काही हिजरी तारीख पाहून येत नाही, त्यामुळे ते एक वर्ष खजिन्याला भारी जाई.

हीच अडचण दख्खनच्या महसुलातही होती. इथे वापरात आलेला तोडगा मला कुठल्याही फँटसी कॅलेंडरपेक्षा भन्नाट वाटतो. चौदाव्या शतकात सुहूर सन सुरू झाला. त्याचा आकडा हिजरी सनावरून घेतलेला, आकड्यांची नावं अरबी, पण वर्ष सूर्याचं. आणि ते सुरू कधी होणार? सूर्य मृग नक्षत्रात गेला की, म्हणजे पेरणीच्या तोंडावर. म्हणून त्याला ‘मृगसाल’ असंही म्हणत. मराठ्यांच्या कागदपत्रांत हा सन जागोजाग भेटतो. शिवराज्याभिषेकाचं, म्हणजे १६७४ सालच्या जूनमधलं सुहूर वर्ष होतं १०७५: खमस सबैन अलफ. पाच, सत्तर आणि हजार. अरबी आकडे आणि मृगाचा पाऊस एकाच सनात नांदत होते, कारण वसुली पिकाबरोबरच होऊ शकते.

आपल्या पंचांगात अधिक महिना कुणाच्या हुकमाने येत नाही. ज्या चांद्र महिन्यात सूर्य एकाही नव्या राशीत शिरत नाही, तो अधिक. नियम आधीपासून ठरलेला, हिशेब कुणीही करून पाहावा. राजाच्या लहरीपेक्षा हे केव्हाही बरं. पण खर्चाचा प्रश्न तेवढ्याने सुटत नाही. सालगड्याचं साल अनेक गावांत गुढीपाडव्याला बदलतं. अधिक महिन्याच्या वर्षी पाडवा ते पाडवा साधारण ३८४ दिवस भरतात. बोली सालाची झाली असेल, तर वरच्या महिन्याच्या मजुरीचं काय, हे आधीच बोलून घ्यावं लागतं. न बोलता राहिलं, तर तो महिना ज्याच्या हातात कमी आहे त्याच्याच अंगावर पडण्याची भीती जास्त.

तुम्हीही एखादं जग रचत असाल, तर महिन्यांना नावं जरूर द्या, आकाशात हवे तेवढे चंद्र टांगा. पण त्याआधी त्या जगातला एक सालगडी निवडा आणि त्याचा हिशेब मांडा. तेराव्या महिन्यात त्याच्या चुलीवर काय शिजतं, हे कळलं की तिथलं राज्य कसं चालतं हेही कळेल.